दोन चमचे पाणी

"बिस्किटाला कल्हई लावतीस व्हय गं?" आई म्हणाली आणि हसत सुटली.

मी दारात पाट टाकून बसले होते. पुढ्यात स्टीलची वाटी, वाटीत पिठीसाखर, शेजारी अर्धं लिंबू. परातीत ग्लुकोजची सहा बिस्किटं ओळीनं मांडली होती. साखरेत दोन चमचे पाणी घातलं, लिंबाचे चार थेंब पिळले आणि गुठळी मोडेपर्यंत घोटलं. चमचा वर उचलला. धार वाटीत पडली, पडल्या जागी वेटोळं होऊन तरंगत राहिली आणि मी मोजायला लागले. सात म्हणायला आणि ती बुडायला एकच गाठ पडली. म्हणजे बरोबर. पाचाला बुडाली तर पातळ, दहापर्यंत टिकली तर घट्ट.

"कल्हई न्हाई आई. ग्लेझ म्हणतात त्याला."

"काय?"

"ग्लेझ."

"तेच की. वरनं चकचकीत. आत काय आसंल ते आसंल."

आई सरकारी दवाखान्यात आया होती. त्या दिवशी तिची सुट्टी होती, आणि सुट्टीच्या दिवशी तिला बोलायला कुणीतरी लागायचं. तिनं एक बिस्कीट उचललं. साखर अजून ओली होती, बोटाला लागली.

"हात नको लावू, वाळू दे! ठसा उठतो बघ."

"उठू दे. मीच खाणाराय." तिनं बिस्कीट तोंडात टाकलं. "ब्येस झालंय. आन् बाईंकडं दुधात करता न्हवं तुमी?"

"हो. बाईंचं सगळं दुधातलं. पीठ दुधात मळायचं, ग्लेझ दुधात कालवायचं. दुधानं चव येते. आपल्याकडं दूध चहापुरतं, म्हणून मी पाणी घालते."

"हां," आई म्हणाली. "चवीसाठी." आणि पदरानं तोंड पुसत आत गेली.

मला त्या पाण्याची लाज वाटायची, हे इथंच सांगून टाकते. दूध म्हणजे खरं काम, आणि पाणी म्हणजे गरिबाघरची नक्कल, असं चार वर्षं माझ्या डोक्यात पक्कं बसलेलं होतं. बाईंना मी कधी सांगितलं नव्हतं की घरी मी पाण्यात करते.

बाई म्हणजे बेहेरे बाई. हायस्कूलच्या निवृत्त शिक्षिका. कृष्णाकाठच्या आमच्या तालुक्याच्या गावात केक म्हटलं की बेहेरे बाई. बारावी होऊन घरी बसले होते तेव्हा त्यांनी मला लोणी-साखर फेटायला ठेवून घेतलं. माझं मनगट दणकट होतं. फेटता फेटता मी बघत गेले, बघता बघता शिकत गेले. दोन वर्षांत बाई नुसत्या खुर्चीत बसून सांगायच्या आणि मी करायची. चौथ्या वर्षी सांगायचंही बंद झालं.

गावातल्या महिला मंडळाचा बेकरीचा वर्ग बाई अकरा वर्षं घेत होत्या. आता त्या कायमच्या मुलाकडे बंगळुरूला निघाल्या होत्या. वर्ग कुणाला द्यायचा? बाईंनी माझं नाव सुचवलं. मंडळाच्या चिटणीस लेलेबाई म्हणाल्या, आधी एक प्रात्यक्षिक दाखवू दे, बायकांना पसंत पडलं तर जूनपासून वर्ग तिचा. त्या बुधवारी दुपारी तीन वाजता माझं प्रात्यक्षिक होतं. पसंत पडले तर हँडबिलावर नाव छापून येणार होतं. आमच्या घरातल्या कुणाचं नाव तोवर छापून आलं होतं ते फक्त मतदारयादीत.

म्हणून सकाळी सकाळी मी बिस्किटांना कल्हई करत बसले होते.

*

दहाला बाईंच्या घरी गेले. बाई पोह्यांची ताटली घेऊन स्वयंपाकघरात खुर्चीवर बसल्या होत्या. माझी ताटली कट्ट्याच्या कोपऱ्यात झाकून ठेवली होती, नेहमीसारखी. शेजारी माझा पेला. खाली पोचा आलेला पितळी पेला होता तो. पहिल्या दिवशीच बाई म्हणाल्या होत्या, "हा तुझा बरं का, वैजयंता. दुसरं कुणी घेणार नाही." मी घरी येऊन आईला मोठ्या तोऱ्यात सांगितलं होतं, बाईंनी मला स्वतंत्र पेला दिलाय.

"खाऊन घे आधी," बाई म्हणाल्या. "रिकाम्या पोटी उभं राहू नये लोकांसमोर."

बाई वाईट नव्हत्या. हे मी त्यांची बाजू घ्यायला सांगत नाही. वाईट माणसाशी भांडणं सोपं असतं, एवढ्याचसाठी सांगते.

गोल ओव्हनच्या झाकणाच्या काचेतून मी शेवटचा घाणा बघत होते. बन फुगून एकमेकांना टेकले होते, माथ्यावर तांबूस झाले होते. एकूण चाळीस बन. हॉलमध्ये ओव्हन चालत नव्हता, लावला की फ्यूज उडायचा. म्हणून बन घरून भाजून न्यायचे आणि तिथं फक्त वरचं ग्लेझ करून दाखवायचं, असं ठरलं होतं.

"आज जरा नवीन करू या," बाई म्हणाल्या. त्यांच्या हातात मासिकाचं कात्रण होतं. "लिंबाचं ग्लेझ. त्यांनी पाणी लिहिलंय, पण आपण आपलं दूधच घेऊ."

"बरं," मी म्हटलं. माझे हात तुपाचे होते. "जरा पाणी..."

"थांब, मी देते." बाई उठल्या. त्यांच्याकडे नळाची तोटी मी कधी सोडली नाही. पिठाचे हात, तुपाचे हात, काही ना काही कारण असायचंच, आणि बाई तांब्यानं वरून पाणी घालायच्या. मला वाटायचं, एवढी शिकलेली बाई आपल्या हातावर पाणी घालते!

मग मी बन काढून जाळीवर मांडत होते, तेव्हा पाठीमागं बाईंनी दूध कोमट केलं, स्टीलच्या डब्यात ओतलं, तिथं धांदल नको म्हणून लिंबूही त्यातच पिळलं आणि झाकण घट्ट लावलं. मला दिसलं असतं तर मी ओरडले असते. दुधात लिंबू पिळल्यावर काय होतं, हे कुणाही बाईला कळतं. बेहेरे बाई तर स्वतः पनीर करायच्या. पण कागदावर 'पाणी' हा शब्द वाचला की त्यांचा हात आपोआप दुधाकडे जायचा. इतकी सवय जडली होती.

*

तीनला दहा मिनिटं होती. हॉलच्या मागच्या खोलीत मी डबा उघडला. वर पांढरट हिरवं पाणी, खाली चोथा.

"बाई, दूध नासलं."

"अगंबाई!" बाईंनी डब्यात डोकावून बघितलं. "असं कसं झालं?"

"लिंबू पिळलंय यात."

बाईंनी कपाळावर हात मारला. मग आम्ही दोघींनी खोलीभर बघितलं, जसं काही दूध कोपऱ्यात उभं असेल. चहाचं दूध चहात गेलं होतं, आणि चहा बायकांच्या पोटात. डेअरी पाचशिवाय उघडत नव्हती. पडद्यापलीकडून खुर्च्या सरकल्याचे आवाज येत होते.

मला खरं तर आनंद झाला होता. सकाळची बिस्किटं डोळ्यांपुढं होती.

"पाण्यात करू या, बाई," मी म्हटलं. "मासिकात पाणीच लिहिलंय ना? मी घरी पाण्यातच करते. तुम्हाला कधी सांगितलं नाही. पण दुधापेक्षा भारी होतं. दुधातलं चिकट राहतं, हे कडक वाळतं, काचेसारखं. सकाळीच केलं होतं."

"पाणी कुठलं?" बाईंनी विचारलं.

मला वाटलं, स्वच्छतेचं विचारतायत. मी पिशवीतली बाटली काढून दाखवली. "उकळून गार केलंय. आईनं फडक्यानं गाळून दिलंय."

"घरचं?"

"हो."

बाईंनी खोलीचं दार लोटलं. माझ्या खांद्यावर हात ठेवला. हात ठेवला बरं का, हे लक्षात ठेवा. खांदा चालत होता.

"हे बघ वैजयंता, तू शहाणी मुलगी आहेस. मला स्वतःला काही नाही. पण बाहेर चाळीस जणी आहेत आणि चाळीस घरं आहेत. मी चार वर्षं सांभाळलंय ते उगाच नाही."

"काय सांभाळलंय?"

"दूध गं." बाई हळू आवाजात, समजावून सांगावं तसं बोलत होत्या. "दुधाला दोष नसतो. आमची आई प्रवासाला निघाली की दशम्या करायची, दुधात पीठ भिजवून. पाण्यात भिजवलेल्या भाकरीला सोवळं-ओवळं असतं. दुधातल्या दशमीला काही नाही. कुठेही न्या, कशीही न्या. तू आलीस ना माझ्याकडे, तेव्हा लेलेबाईंनीच विचारलं होतं, ती मुलगी हात लावते का कशाला? मी म्हटलं, आमच्याकडे पाण्याचा थेंब नाही, सगळं दुधातलं असतं. संपलं! त्यानंतर कुणी चकार शब्द काढला नाही. मुंजींना गेले आपले केक, बारशांना गेले. नाहीतर कोण घेतलं असतं? तुझ्यासाठीच केलं ना मी हे?"

मी ऐकत होते. शब्द न शब्द ऐकू येत होता.

पेला. तांब्यानं वरून पडणारी पाण्याची धार. कट्ट्याच्या कोपऱ्यातली ताटली. चव येते म्हणून दूध. चार वर्षं मी ज्याला माझी शिकवणी समजत होते ती माझ्याभोवती आखलेली रेघ होती, आणि ती रेघ मीच रोज माझ्या हातानं घोटून घोटून गुळगुळीत करत होते. माझ्या आजीच्या हातचं दूधही त्यांच्या आजीनं घेतलं नसतं. त्या मानानं बाई सुधारलेल्या होत्या. त्यांनी आमच्यासाठी शास्त्रात दोन चमच्यांची जागा काढली होती.

"मग आता?" मी विचारलं.

"सोपं आहे." बाईंचा चेहरा उजळला. "मी तिथे तुझ्या शेजारी उभी राहते. इथल्या माठातलं पाणी मी घेते, मी ओतते. तू ढवळ. बोलायचं तूच, चमचा तुझ्याच हातात. कुणाच्या लक्षातसुद्धा यायचं नाही."

मी बाटली परत पिशवीत ठेवली. मी वाद घातला नाही म्हणजे मला पटलं, असं बाई धरून चालल्या. चार वर्षांत त्यांचा तो अंदाज कधी चुकला नव्हता.

*

टेबलावर पांढरी चादर. तीन ताटांत चाळीस बन. काचेचा वाडगा, पिठीसाखर, लिंबू, चमचा. समोर बायका, पहिल्या रांगेत लेलेबाई, मांडीवर वही आणि पेन. त्यांच्या शेजारी मगदूमकाकू, पेठेतल्या किराणावाल्यांच्या आई, पाय दुखतात म्हणून चपला काढून बसलेल्या.

"ही वैजयंता," बाईंनी ओळख करून दिली. "माझ्या हाताखाली तयार झालेली. हिचा हात फार चांगला आहे."

टाळ्या झाल्या. मी नमस्कार केला.

"माझं पूर्ण नाव वैजयंता बाबूराव चंदनशिवे," मी म्हटलं. "राहणार मिलिंदनगर."

लेलेबाईंचं पेन थांबलं. बाईंनी माझ्याकडे बघितलं, पण हसू तसंच ठेवलं. गावात मिलिंदनगर कुठं आहे आणि तिथं कोण राहतं, हे कुणाला सांगावं लागत नव्हतं. आडनाव घेतलं की पुरे होतं, मी पत्ताही देऊन टाकला.

"आज आपण बनावरचं साधं ग्लेझ करणार आहोत. माझी आई याला कल्हई म्हणते."

दोघी-तिघी हसल्या. छान हसल्या.

"एक वाटी पिठीसाखर. चाळूनच घ्यायची, गुठळी राहिली तर वर फोड आल्यासारखी दिसते. चिमूटभर मीठ. आता यात पाणी. दोन चमचे."

बाई पुढं झाल्या. त्यांच्या हातात माठातून भरलेला तांब्या होता, दुसऱ्या हातात चमचा. त्यांनी चमचा भरला आणि वाडग्यावर आणला.

मी वाडग्यावर पंजा पालथा घातला.

चमचा तोवर कलला होता. पाणी माझ्या हाताच्या पाठीवर पडलं आणि बोटांवरून टेबलाच्या चादरीवर ओघळलं.

"थांबा, बाई."

"अगं..."

"पाणी मी घालते."

मी पिशवीतली बाटली काढली आणि टेबलावर ठेवली.

"नेहमी आम्ही हे दुधात करतो," मी बायकांना सांगितलं. "चार वर्षं तुम्ही सगळ्यांनी खाल्लंय. ते दुधात का असतं, हे मला आत्ता दहा मिनिटांपूर्वी कळलं. चवीसाठी नसतं. दुधाला माझा विटाळ होत नाही म्हणून असतं. आज दूध नासलं. आता हे पाणी आहे. माझ्या घरचं, मिलिंदनगरच्या नळाचं. तुमच्या नळाला ज्या टाकीतून येतं त्याच टाकीतलं. मी भरलंय, आईनं गाळलंय, ओतणार मी, ढवळणारही मीच. ज्यांना चालत नसेल त्यांनी आत्ता उठावं. बन मोजके आहेत, तेवढे बाकीच्यांना जास्त येतील."



"हे काय बोलणं झालं?" लेलेबाई उभ्या राहिल्या. "असलं आता कोण मानतं? उगाच जुनं उकरून काढायचं."

"कुणी मानत नसेल तर प्रश्नच मिटला," मी म्हटलं. "बसा की."

लेलेबाई बसल्या नाहीत. उठून उभं राहण्याचं कारण त्यांना आता दुसरं काही सांगता येईना. मागच्या रांगेत एक जण पर्स सावरत उठली. "मला जरा... गॅसवर दूध ठेवलंय मी."

"बघा, बघा," मी म्हटलं. "दूध महत्त्वाचं."

कुणीतरी फस्सकन हसलं आणि लगेच गप्प झालं. आणखी दोघी उठल्या. मग चौघी. खुर्च्यांचे पाय फरशीवर घासत होते आणि मी एकेकीच्या तोंडाकडे बघत होते. त्यांतल्या तिघींच्या घरच्या बारशाचा केक मी केला होता. एकीच्या पोराचं नाव मी माझ्या हातानं, क्रीमनं, वर लिहिलं होतं.

"ए पोरी!" मगदूमकाकूंनी काठी आपटावी तसा आवाज टाकला. "त्यात अंडं न्हाई ना?"

"नाही, काकू."

"बनात?"

"बनातही नाही."

"मग झालं. मला अंडं चालत न्हाई, बाकी तुमचं काय ते तुमी बघा. भाषण लई झालं तुझं. लिंबू किती घालायचं, त्ये सांग."

आता खरंच हसू फुटलं. पुढं चार-सहा वह्या उघडल्या.

मी बाटलीचं झाकण काढलं. एक चमचा पाणी. घोटलं. दुसरा चमचा. लिंबाचे थेंब. साखर आधी चिखलासारखी झाली, मग गोळा झाली, मग एकदम सैल पडून चकाकायला लागली. बाई अजून माझ्या शेजारीच होत्या. तांब्या हातात तसाच. कुठं ठेवावा ते त्यांना सुचत नव्हतं.

मी चमचा उंच उचलला. "आता ही धार बघा. पडलेली धार सात मोजेपर्यंत वर दिसली पाहिजे. एक."

"दोन," मगदूमकाकू म्हणाल्या.

तिसऱ्या आकड्याला आणखी दोघी-चौघी बोलल्या. पाचाला बरेच आवाज झाले. सात म्हटलं आणि धार बुडाली.

"बन पूर्ण गार पाहिजे," मी सांगितलं. "गरम बनावर घातलं तर वितळून खाली उतरतं. वरून सोडायचं, पसरायला जायचं नाही. ते आपलं आपण पसरतं." आणि मी एकेका बनावर ते सोडत गेले. पांढरं, दाट, माथ्यावरून कडेला येऊन थबकणारं. चाळीसच्या चाळीस बनांवर सोडलं. एकही कोरा ठेवला नाही. कुणी म्हणायला नको, बिनपाण्याचा एक द्या.

*

अकरा जणी गेल्या. एकोणतीस राहिल्या. राहिलेल्यांतल्या सगळ्यांनी खाल्लं असंही नाही. काहींनी रुमालात गुंडाळून पर्समध्ये टाकलं, घरी मुलांना होतील म्हणून. मगदूमकाकूंनी दोन खाल्ले आणि तिसरा मागितला. लेलेबाई दारात उभ्या राहून कुणाशी तरी बोलत होत्या, पाठ माझ्याकडे.

मी भांडी आवरायला घेतली. बाई टेबलाशी आल्या. तांब्या त्यांनी अखेर खाली ठेवला होता.

"मला हे असं अपेक्षित नव्हतं, वैजयंता."

"मलाही नव्हतं, बाई."

"मी तुझं वाईट केलं का कधी?"

"नाही. तुम्ही मला झाकून ठेवलं." मी ताट त्यांच्यापुढं सरकवलं. "बन घ्या."

बाईंनी ताटाकडे बघितलं. मी वाट बघत होते. खरं सांगायचं तर सबंध हॉल उठून गेला असता तरी चाललं असतं, बाईंनी एक घास खावा एवढंच मला हवं होतं. त्यांनी एक बन उचलला, अगदी कडेचा. वरची साखर अजून ओली होती. त्यांचा अंगठा तिच्यात रुतला. बन तोंडाजवळ नेला नाही, मध्येच थांबवला.

"घरी जाऊन खाते. आज उपास आहे ना."

"बाई, बुधवार आहे," मी म्हटलं. "आणि सकाळी माझ्यासमोर पोहे खाल्लेत तुम्ही."

बाईंची मान खाली गेली. त्यांनी बन हळूच ताटात परत ठेवला, अंगठा रुमालाला पुसला आणि दाराकडे चालायला लागल्या. दारात लेलेबाईंनी त्यांचा हात धरला.

वर्ग मला मिळाला नाही. शेवटी काहीतरी गोड हाती लागेल म्हणून कुणी वाचत असेल तर सांगते, त्या दिवशी गोड फक्त बन होते. लेलेबाई "कळवतो" म्हणाल्या, ते अजून कळवतायत. जूनमध्ये हँडबिल निघालं, त्यावर दुसऱ्याच बाईंचं नाव होतं. मागच्या बाजूला नमुन्यादाखल एक कृती छापली होती. साधं ग्लेझ: पिठीसाखर एक वाटी, दूध दोन चमचे. बाईंकडे मी परत गेले नाही. माझा तो पेलाही मागितला नाही. पुढं मिलिंदनगरात मी माझा ओव्हन घातला, तो आजतागायत चालू आहे. पण ती गोष्ट वेगळी.

*

संध्याकाळी घरी आले तेव्हा आई दारात तांदूळ निवडत बसली होती. मी सगळं सांगितलं. ती निवडता निवडता ऐकत राहिली. एकदाही 'अगं बाई' म्हणाली नाही. तेव्हा माझ्या लक्षात आलं.

"तुला माहीत होतं," मी म्हटलं.

"ठावं हुतं."

"दुधाचं?"

"दुधाचं, पेल्याचं. सगळंच. तू पेल्याचं सांगत आलीस न्हवं, त्याच दिवशी कळलं."

"मग बोलली का नाहीस?" मी एवढ्या मोठ्यानं ओरडले की शेजारची खिडकी उघडली. "चार वर्षं, आई!"

आईनं सूप खाली ठेवलं. "काय बोलू? तू रोज नवं काय तरी शिकून यायचीस आन् नाचत सांगायचीस. म्हणलं, हात तयार हुतोय तवर हू दे. एकदा हात तयार झाला की मग तिचं तिलाच कळंल, आन् कळल्यावर तिचं ती बघंल." तिनं तांदळातला एक खडा वेचून बाजूला टाकला. "माझं चुकलं आसंल."

ते चुकलं की बरोबर होतं, हे मला आजही सांगता येत नाही. मी पिशवीतून डबा काढून तिच्यापुढं ठेवला. आत एकच बन होता.

"येवढाच राहिला?"

"एवढाच."

आईनं तो उजेडात धरला. ग्लेझ आता पुरतं वाळलं होतं. पांढरं, टणक, आणि त्याच्या एका कडेला खोल उमटलेला अंगठा. त्याच्या रेघासुद्धा दिसत होत्या.

"ह्यो अंगठा कुणाचा?"

"बाईंचा. उचलला आणि परत ठेवला."

आईनं बन फिरवून फिरवून बघितला. मग ती हसायला लागली. सकाळसारखंच, खदाखदा.

"त्यास्नी चालत नसंल," ती म्हणाली. "आपल्याला चालतंय की."

आणि तिनं पहिला घास बरोबर त्या अंगठ्यावरच घेतला. कल्हई तिच्या दाताखाली कटकन मोडली.